ताकेझोकाकांचं सार

चिझुरूची त्या दिवशी देवाकडे एकच मागणी होती. पाहुण्यांनी वाटेत कमी खावं. खाण्याच्या फेरीला माणसं न्यायची आणि त्यांनी कमी खावं म्हणून हात जोडायचे, म्हणजे लग्नाला बोलावून जेवू नका म्हणण्यासारखी गत. पण तिचा नाइलाज होता.

तसं पाहिलं तर सकाळपासून बाईचे पाय जमिनीवर ठरत नव्हते. वीस वर्षं ती सहलीच्या बसवर गाईड होती. पांढरे हातमोजे, तिरकी टोपी, हातात माईक आणि कुठल्याही वळणावर कुठलंही गाणं. मग कंपनीने गाईड काढून टाकल्या, बसमध्ये रेकॉर्ड केलेला आवाज बसवला, आणि चिझुरू त्सुबाकीझाकाच्या उतारावर आईच्या दुकानात येऊन कोंबूच्या पुड्या बांधू लागली. कोंबू म्हणजे समुद्रातली काळी, वाळवलेली पात. तिच्याशिवाय ओसाकात कुणाच्या घरचं सार उकळत नाही. काम मानाचं खरं, पण पुड्यांशी माणूस बोलून बोलून किती बोलणार? शेवटी सत्तेचाळिसाव्या वर्षी तिच्या डोक्यात आलं, आपल्या उताराचीच सहल काढू. दगडी पायऱ्या होत्या, एकमेकींना टेकून उभ्या असलेल्या लाकडी चाळी होत्या, कोपऱ्यावर लाल लाळेरं बांधलेला जिझोदेव होता, आणि वरपासून खालपर्यंत खाण्याची दुकानं होती. आणखी काय लागतं? हातमोजे पेटीतून बाहेर आले, नवा झेंडा शिवून झाला. आज पहिली फेरी होती आणि नऊ माणसं येणार होती. आनंदाने तिचा रात्रभर डोळ्याला डोळा लागला नव्हता.

फेरीचा शेवट उताराच्या पायथ्याशी, ताकेझोकाकांच्या उदोनच्या, म्हणजे सारातल्या जाड शेवयांच्या दुकानात होता. आणि तिथेच घोडं अडलं होतं.

आठवड्यापूर्वी ती काकांना विचारायला गेली, तर दारातच तिला जळकट वास आला. कढईत तळलेल्या तोफूचे त्रिकोण काळे ठिक्कर पडले होते आणि काका हातभर अंतरावर उभे राहून निवांत कांद्याची पात चिरत होते.

"काका, जळतंय!"

काकांनी कढईकडे बघितलं, गॅस बंद केला, आणि ते तिच्याकडे पाठ करून उभे राहिले. अठ्ठ्याहत्तर वर्षांचा ताठ माणूस, पण त्या दिवशी पाठीला पोक आल्यासारखा दिसला.

"वास नाही आला तुम्हाला?"

"हिवाळ्यात ताप आला होता ना, तेव्हापासून नाक गेलंय," काका म्हणाले. "नाकामागे जीभही गेली. खारट कळतं, गोड कळतं. बाकी सगळं कोमट पाणी."

"मग सार कसं करता?"

"हाताच्या सवयीने. तोमी होती तेव्हा चिंता नव्हती."

तोमीकाकू म्हणजे काकांची बायको. सकाळी साराची पहिली उकळी उतरली की काकू पळीभर सार चाखायच्या आणि मग पळी भांड्याच्या काठावर दोनदा आपटायच्या. टक् टक्. दोनदा वाजलं की काका दुकान उघडल्याची खूण म्हणून दारावर निळा पडदा लावायला बाहेर यायचे. एकदाच वाजलं की सगळं सार मोरीत आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. अख्ख्या उतारावर ऐकू जायचं ते. शाळेला निघालेली मुलं दुसऱ्या टक्ची वाट बघत थबकायची. काकू गेल्यावर काका स्वतः चाखू लागले, पण पळी काही त्यांनी कधी आपटली नाही.

"गल्लीत कुणाला तरी चाखायला सांगा की," चिझुरू म्हणाली.

"सांगितलं. इसुझू म्हणाली अमृत. कान्सुके म्हणाला अमृत. तुझी आई म्हणाली अमृत. अगं, मी गटाराचं पाणी दिलं तरी ही मंडळी अमृतच म्हणतील. जीव आहे त्यांचा माझ्यावर. असल्यांना काय विचारायचं?"

"मी चाखते."

"तू तर त्यांच्याहून वाईट. दात यायच्या आधीपासून पितेयस."

तिने तरी चाखलं. छान लागलं. पण ते सार छान होतं म्हणून, की समोर काका उभे होते म्हणून, हे तिचं तिलाही सांगता येईना.

"आण तुझी नऊ माणसं," काका म्हणाले. "मला न ओळखणारी. मी त्यांना विचारणार नाही. तोंडावर सगळेच गोड बोलतात. मी भांडी बघणार. नवातल्या एका भांड्यात जरी सार उरलं, तर पडदा उतरवला. कायमचा. तोमीच्या दुकानात बसून मला पाणी विकायचं नाही. आणि हे नाकाचं कुणाकडे बोललीस तर याद राख."

"नाही बोलणार."

"जिझोची शपथ घे."

घेतली बिचारीने. आणि घेतल्याबरोबर तिच्या लक्षात आलं की आपण स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतलाय. कारण काकांकडे पोहोचायच्या आधी वाटेत तीन दुकानं होती. पोट भरलेला माणूस सार ठेवणार, ते भांडं काका बघणार, आणि कारण मात्र कुणाला सांगायचं नाही!

आदल्या दिवशी ती घरोघरी जाऊन सांगून आली. "हे बघा, चवीपुरतंच द्या हं. एकेकच. खरंच सांगते." सगळ्यांनी गोड हसून मान डोलावली. आता आमच्या ओसाकाची रीत तुम्हाला ठाऊक नसेल तर सांगतो. इथे 'थोडंच द्या' म्हणणं म्हणजे चांगल्या घरची माणूस असल्याची खूण. ऐकणाऱ्यानेही मग चांगल्या घरचं असल्यासारखं वागून दुप्पट वाढायचं असतं. चिझुरू याच मातीत वाढलेली. तिला हे कळायला हवं होतं. पण आनंदाच्या भरात असलेल्या माणसाला काय कळतंय!

स्टेशनच्या दारात नऊ माणसं जमली. हिरोशिमाच्या तीन नर्सा, सुट्टीवर आलेल्या, सारख्या खिदळणाऱ्या. होक्काइदोच्या दोन म्हाताऱ्या बहिणी. तैवानहून आलेलं एक नवं जोडपं, दर दोन पावलांवर फोटो काढणारं. आणि एक नवराबायको तोक्योचे. नवरा कुरोनुमा, रेल्वेतून निवृत्त झालेला, स्वच्छ ऊन पडलेलं असताना हातात छत्री घेऊन आलेला. त्यांची बायको नोबुए मात्र मोकळी, हसतमुख बाई.

चिझुरूने झेंडा उंचावला. कित्येक वर्षांनी तोंडातून तो जुना बसमधला आवाज निघाला, आणि तिच्याच अंगावर काटा आला. "मंडळीऽऽ, त्सुबाकीझाकाच्या उतारावर आपलं स्वागत आहे! आज आपण वर सुरू करणार आणि खाली संपवणार, म्हणजे पोट जड झालं तरी घरंगळत जाता येईल!"

नर्सा टाळ्या वाजवून हसल्या. कुरोनुमांनी घड्याळात बघितलं.

"शेवटी काय आहे?" त्यांनी विचारलं.

"उदोन."

"म्हणजे ते तुमचं पांढरं पाणी? आमच्याकडे साराला रंग असतो. भांड्याचा तळ दिसत नाही."

"मनावर घेऊ नका हं," नोबुएबाई चिझुरूच्या कानाशी लागल्या. "हे असेच. आणि एक आधीच सांगून ठेवते, दुकानदाराला वाईट वाटायला नको. आमच्या लग्नाला बेचाळीस वर्षं झाली, यांनी भांड्यातलं सार एकदासुद्धा संपवलेलं नाही. शेवया खातात, सार ठेवतात. मीच ओतून देते."

चिझुरूला काकांची अट आठवली. चेहरा मात्र हसराच राहिला. वीस वर्षांची सवय होती ती.

पहिलं दुकान इसुझूमावशीचं, ताकोयाकीचं. आप्प्यांच्या पात्रासारख्या तव्यावर पिठाचे गोळे फिरत होते, आत ऑक्टोपसचे तुकडे. मावशी खास पार्लरमध्ये जाऊन केस कुरळे करून आली होती. अंगात वाघाचं तोंड छापलेला झगझगीत सदरा होता. पाहुणे दिसताच तिने गोळे फिरवायच्या दोन्ही हातांतल्या सुया आकाशात उंचावल्या. "आले! आले गं बाई माझे पाहुणे!" आणि बघता बघता प्रत्येकाच्या हातात लाकडी होडी. प्रत्येक होडीत आठ गोळे, वर सॉस, त्यावर वाफेने नाचणारे माशाचे पापुद्रे.

"मावशी! एकेक म्हणाले होते ना मी!"

"एकेकच तर दिली. कुणाला दोन होड्या दिल्या का सांग!"

"मावशी, खरंच नको. पुढे खायचंय त्यांना."

"बघा, किती सभ्य पोरगी आहे," मावशीने नर्सांना सांगितलं. "लहानपणापासून अशीच लाजाळू." आणि लाजाळू पोरीच्या मानाखातर तिने प्रत्येक होडीत आणखी दोन गोळे टाकले.

ते गरमागरम गोळे तोंडात फुटत होते, जीभ भाजत होती, आणि सगळे 'हाऽ हाऽ' करत डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसत होते. चिझुरूचं मन एकाच वेळी उड्याही मारत होतं आणि बसतही होतं. असंच तर हवं होतं तिला! अशीच हसणारी माणसं, अशीच आरडाओरड. फक्त काकांचं दुकान मध्ये नसतं तर.

पायऱ्यांवरच्या शेजारणींनी आणखी भर घातली. ओसाकाची बाई गोळ्यांच्या पिशवीशिवाय घराबाहेर पडत नाही. ही एक लिमलेटची गोळी, ही आल्याची, ही खोकल्याची. "घ्या हो, प्रवासात घसा सुकतो." होक्काइदोच्या बहिणींचे खिसे फुगले. गोळी तोंडात टाकल्याशिवाय एकही शेजारीण पुढे जाऊ देईना.

दुसरं दुकान कान्सुकेभाऊंचं. साच्यात दाबून केलेली बांगड्याची सुशी, विटेसारखी चौकोनी. कान्सुकेभाऊ सुरी घेऊनच दारात उभे होते.

"इसुझूने किती दिले?"

"भाऊ, ते सोडा. तुम्ही एकच तुकडा..."

"किती दिले ते सांग आधी."

"दहा," तैवानच्या नवऱ्याने प्रामाणिकपणे सांगून टाकलं.

"दहा!" भाऊंचा चेहरा पडला. "आणि मी एक तुकडा ठेवू यांच्यापुढे? उद्या ती बाई मला उतारावर जगू देईल?" सुरी सपासप चालली. एकेका ताटलीत सहा सहा तुकडे, वर आल्याचं लोणचं. चिझुरूने भाऊंचा हात धरायचा तेवढा बाकी ठेवला. कुरोनुमा म्हणाले, "आम्हाला पुरे." भाऊंनी कौतुकाने बघितलं. "तोक्योची माणसंही सभ्य असतात म्हणायची," म्हणत त्यांच्या ताटलीत आणखी दोन तुकडे सरकवले. कुरोनुमांनी ते खाल्ले. पानात टाकायचं नाही हे त्यांच्या आईनेही शिकवलेलं असणार.

तिसरं दुकान तर घरचंच. निदान इथे तरी आपलं चालेल या भरवशावर चिझुरूने पडदा सारला. आत तिच्या आईने ठेवणीतला किमोनो नेसून नऊ आसनं मांडली होती. प्रत्येकापुढे कोंबूचा गरम चहा, कोंबूची गोड वडी, आणि मुरवलेला कोंबू घालून केलेले मुठीएवढे भाताचे गोळे.

"आई! तू सुद्धा?"

"अगं, मुलीची पहिली फेरी. हात आखडता कसा घेऊ? लोक काय म्हणतील, आईनेच उपाशी पाठवलं?"

"आई, कोंबू पोटात जाऊन फुगतो!"

"म्हणूनच तर दिलाय," आई अभिमानाने म्हणाली. "संध्याकाळपर्यंत भूक लागायची नाही कुणाला."

चिझुरूने कपाळावर हात मारून घेतला. शपथ घातलेली नसती तर तिथेच गळा काढून सगळं सांगून मोकळी झाली असती. बाहेर पडली तेव्हा नर्सांचं खिदळणं थांबलेलं होतं. दोघी बहिणी एकमेकींना धरून चालत होत्या. तैवानच्या नवऱ्याने पट्ट्याचं भोक बदललं. समोर उताराची शेवटची दगडी पायवाट, आणि तिच्या तळाशी काकांचा निळा पडदा वाऱ्यावर हलत होता.

काहीतरी करायला हवं होतं. चिझुरूने जिझोदेवाकडे बघितलं, मनातल्या मनात माफी मागितली, आणि झेंडा उंचावून बिनदिक्कत थाप ठोकली.

"मंडळीऽऽ! या पायऱ्यांची एक गंमत आहे. या दोनदा चढून उतरलं की पोटात पुन्हा जागा होते, असं आमच्या उतारावर पूर्वापार मानतात! चला, माझ्यामागे! गाणं म्हणत!"

आणि खरोखर तिने त्या सगळ्यांना गाणं म्हणत वर नेलं. पुढे ही, पांढऱ्या हातमोज्यांनी ताल धरणारी. मागे धापा टाकणारं लटांबर. खिडक्यांतून शेजारणी टाळ्या वाजवतायत, कुणीतरी वरून आणखी गोळ्या फेकतंय, इसुझूमावशी दुकान टाकून वरात बघायला आलीय. होक्काइदोची थोरली बहीण तर हसून हसून पायरीवरच बसली. कुरोनुमा मात्र खालीच छत्रीवर टेकून उभे राहिले.

"थापा," ते म्हणाले. "पायऱ्या चढून कुणाच्या पोटात जागा होत नाही."

शेवटी आत जावंच लागलं. गल्लीतलं छोटंसं दुकान ते. लाकडी फळीसमोर नऊ बैठका, पलीकडे काका, डोक्याला पांढरी पट्टी बांधलेले. त्यांनी कुणाशी बोलणं काढलं नाही. नुसतं "या" म्हणाले आणि उदोन उकळत्या पाण्यात सोडले. नऊजण बैठकांवर बसले. एका नर्सने चिझुरूच्या कानात कुजबुज केली, "ताई, राग मानू नका, पण मला आता एक दाणाही जाणार नाही." चिझुरूला वाटलं, संपलं सगळं.

भांडी समोर आली. पिवळसर, नितळ सार. त्यात पांढऱ्या जाड शेवया, वर गोडसर तोफूचा त्रिकोण, हिरवी पात. वाफ वर आली. होक्काइदोच्या धाकट्या बहिणीने नुसती वाफ घेतली आणि डोळे मिटले. मग भांडं दोन्ही हातांत उचललं आणि एक घोट घेतला. नुसते भुरके ऐकू यायला लागले. चिझुरूला बघवेना. ती भिंतीवरच्या कॅलेंडरकडे तोंड करून उभी राहिली आणि हातमोज्याचं टोक चावत बसली.

पहिलं भांडं फळीवर परत ठेवल्याचा आवाज आला. तिने हळूच मान वळवली.

ते भांडं मघाच्या नर्सचं होतं. आत उदोन तसंच्या तसं पडलं होतं. तोफूला दाताची खूणसुद्धा नव्हती. मग तिने नीट बघितलं. शेवया भांड्याच्या तळाशी कोरड्या पडल्या होत्या. सार नव्हतं. थेंबभरही नव्हतं.

काका भांड्याकडे बघत राहिले. दुसरं भांडं आलं. अर्धं उदोन उरलेलं, सार गायब. तिसरं. चौथं. बहिणींच्या भांड्यांत दोन-दोन शेवया, आणि तळ पुसून काढल्यासारखा. तैवानच्या बायकोने नवऱ्याच्या भांड्यातलंही पिऊन टाकलं होतं आणि ते दोघं त्यावरून कुजबुजत भांडत होते. पोटात जागा नव्हती, म्हणून माणसांनी उदोन टाकलं आणि सार तेवढं पिऊन घेतलं! चिझुरूला हसू की रडू कळेना. तिला त्या नर्सला उचलून गरागरा फिरवावंसं वाटलं. आठ भांडी. काकांचे ओठ हलत होते, ते मोजत असावेत.

नववी बैठक रिकामी होती.

समोर कुरोनुमांचं भांडं होतं. शेवया संपलेल्या, तोफू संपलेला. सार अर्ध्याहून वर, तसंच.

"मघाशीच उठून बाहेर गेले," नोबुएबाई ओशाळून म्हणाल्या. "बोलले नाहीत काही. मी म्हटलं होतं ना, हे सार पीत नाहीत."

काकांनी डोक्याची पट्टी सोडली. घडी केली, खिशात ठेवली. फळीला वळसा घालून ते दाराकडे चालू लागले.

"काका, ते तोक्योचे आहेत हो! ते कुठलंच सार पीत नाहीत! आणि त्यांची पोटं..."

"नऊ म्हणजे नऊ," काका शांतपणे म्हणाले.

बाहेर अर्धी गल्ली गोळा झाली होती. इसुझूमावशी, कान्सुकेभाऊ, किमोनो सावरत आलेली चिझुरूची आई. भर दुपारी काकांनी पडद्याची काठी दोन्ही हातांनी खुंटीवरून उचललेली पाहून सगळे पुढे सरकले.

"काका, आत्ताच कशाला उतरवताय?" इसुझूमावशी म्हणाली. "सार संपलं का?"

"संपलं," काका म्हणाले.

चिझुरू ओठ घट्ट मिटून उभी होती. तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी येत होतं आणि हातमोजे ओले झाले होते. एवढ्यात पायऱ्यांवरून धडधड धडधड असा आवाज आला.

कुरोनुमा खाली येत होते. कोट काखेत, टाय सुटलेला, छत्री कुठे हरवलेली, चेहरा टोमॅटोसारखा लाल. गर्दीतून वाट काढत ते दारापर्यंत आले आणि काकांच्या हातातल्या पडद्याकडे बघून भडकले.

"अहो, थांबा! हे काय, बंद काय करताय? माझं भांडं आहे आत!"

"झालं ना तुमचं," काका म्हणाले.

"कुठे झालं? तसूभर जागा नव्हती पोटात. ही बाई म्हणाली दोनदा चढलं-उतरलं की जागा होते. साफ खोटं!" त्यांनी चिझुरूकडे बोट रोखलं. "चारदा लागतं!"

ते काकांच्या काखेखालून वाकून आत शिरले, बैठकीवर बसले आणि भांडं जवळ ओढलं.

"गार झालंय," काका दारातून म्हणाले. "थांबा, दुसरं देतो."

"हात लावू नका याला."

त्यांनी भांडं दोन्ही हातांत धरलं आणि उचललं. ते वर वर जात राहिलं, इतकं की चेहरा दिसेनासा झाला, नुसता गळा हलताना दिसत होता. मग भांडं खाली आलं. स्वच्छ. कोरडं.

"बेचाळीस वर्षं!" नोबुएबाई ओरडल्या. "बेचाळीस वर्षं मी सार ओततेय!"

कुरोनुमांनी रुमालाने तोंड पुसलं आणि काकांकडे जवळजवळ रागानेच बघितलं. "रंग नाही, काही नाही. गार झालं तरी तसंच लागतंय. कसं करता हो हे? सकाळी चाखून बघता तेव्हा तुम्हाला तरी कळतं का, काय करून ठेवलंय ते?"

पडदा अजून काकांच्या हातातच होता.

"नाही," काका म्हणाले. "मला नाही कळत."

दारातली गल्ली खदखदा हसली. "ऐका, ऐका!" कान्सुकेभाऊ म्हणाले. "काय पण नम्रपणा! म्हणे मला कळत नाही!" इसुझूमावशीने काकांच्या पाठीत थाप मारली. खरं सांगितलं तरी आमच्याकडे त्याची सभ्यता होते, ती अशी. काका त्यांना काही बोलले नाहीत. त्यांनी पडद्याची काठी चिझुरूच्या हातात दिली, आत गेले, खिशातली पट्टी काढून पुन्हा डोक्याला बांधली. मग खुंटीवरची जुनी लांब पळी घेतली, उकळत्या भांड्यात बुडवली, वर काढली आणि काठावर आपटली.

टक् टक्.

हसणं जागच्या जागी थांबलं. चिझुरूच्या आईने तोंडाला पदर लावावा तशी किमोनोची बाही लावली. इसुझूमावशीच्या डोळ्यांतलं काजळ गालावर आलं आणि ती ते वाघाच्या सदऱ्याला पुसू लागली. पाहुण्यांना काहीच कळलं नाही, पण तेही उठून उभे राहिले.

"असे उभे काय राहिलात?" काका आतून खेकसले. "आणि इसुझू, उद्यापासून माझ्या गिऱ्हाइकांना एकेकच गोळा. उदोन वाया जातंय माझं."

"एकेकच, काका. खरंच एकेक," मावशीने गाल पुसत सांगितलं, आणि चिझुरूला तिच्या आवाजावरून कळून चुकलं की उद्या बारा मिळणार.

"पण आमचं काय हो?" कान्सुकेभाऊ ओरडले. "पाहुण्यांच्या नादात आम्ही सकाळपासून उपाशी आहोत! दुकान चालू आहे की बंद?"

चिझुरूने काठी खुंटीवर चढवली. दोनदा चुकली, तिसऱ्यांदा बसली. निळा पडदा खाली सुटला आणि वाऱ्याने फुगला. तिने ओल्या हातमोज्यांनी नाक पुसलं, झेंडा उंचावला आणि बसच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणाऱ्या आवाजात ओरडली, "चालू आहेऽऽ! रांगेत या मंडळी, रांगेत या!"